अपोलो ८ च्या आधीचा फोटो

चंद्राच्या क्षितिजावर निळी पृथ्वी, असा तो रंगीत फोटो विल्यम अँडर्स यांनी अपोलो ८ मधून २४ डिसेंबर १९६८ ला काढला. तो थोरच आहे. पण त्याखाली 'चंद्राच्या कक्षेतून पृथ्वीचा पहिला फोटो' असं कुणी लिहिलं की राहवत नाही. पहिला मान नासाच्या लूनार ऑर्बिटर १ या यानाचा. तारीख २३ ऑगस्ट १९६६, फोटो कृष्णधवल, यानात माणूस नाही.

अपोलोसाठी उतरायच्या जागा हेरणं हे या यानाचं काम. डिजिटल कॅमेरे नव्हते, म्हणून कॅमेऱ्यासोबत डार्करूमही वर पाठवली होती. ७० मिमीची कोडॅक फिल्म आणि दोन लेन्स: बारकाव्यांसाठी ६१० मिमी, रुंद दृश्यासाठी ८० मिमी. फिल्म मुद्दाम अतिशय मंद, म्हणजे प्रकाशाला कमी संवेदनशील निवडली, कारण वेगवान फिल्म अवकाशातल्या किरणोत्सारानं धुरकटते. ती धुण्यासाठी ट्रेमधली रसायनं तिथे चालणार नाहीत. त्यावर उपाय बायमॅट, म्हणजे चित्र उमटवणारा डेव्हलपर आणि ते टिकवणारा फिक्सर एकत्र मुरवलेली जिलेटिनची पट्टी. ती फिल्मवर साधारण साडेतीन मिनिटं दाबून धरायची, सोलून काढायची, मग फिल्म हीटरवर वाळवायची. पट्टी एका जागी फार वेळ थांबली तर सुकते आणि चित्र खराब होतं. त्यामुळे फोटो नको असला तरी ठरावीक वेळानं फिल्म पुढे सरकवावीच लागे.

मग स्कॅनिंग. ५ मायक्रॉनचा प्रकाशबिंदू फिल्मवरून फिरे, फोटोमल्टिप्लायर हा प्रकाशमापक पलीकडे आलेला प्रकाश मोजे आणि तो चढउतार रेडिओनं पृथ्वीकडे जाई. फिल्मची २.५४ मिमीची एक चिंचोळी पट्टी झाली की पुढची. जुन्या प्रतींवर ज्या रेघा दिसतात, ते या पट्ट्यांचे सांधे.

कॅमेरे यानाला घट्ट बसवलेले, म्हणजे पृथ्वीकडे बघायचं तर अख्खं यान वळवायला हवं. तेही चंद्राआड जाऊन संपर्क तुटायच्या जरा आधी. यान पुन्हा नीट वळलं नाही तर मोहीमच हातची जाणार. यान बनवणाऱ्या बोईंगची याला तयारी नव्हती, त्यांचं बक्षीस मोहिमेच्या यशावर अवलंबून होतं. नासानं त्यांना राजी केलं, हे फार बरं झालं. त्यात ६१० मिमी लेन्सचं शटर यानाच्या वेगाची भरपाई करणाऱ्या यंत्रणेशी जुळत नव्हतं, त्यामुळे कमी उंचीवरून काढलेले फोटो धूसर झाले होते. हा फोटो सुमारे १,२०० किमी उंचीवरचा, म्हणून वाचला.

खरं नुकसान पृथ्वीवर झालं. आलेला सिग्नल पडद्यावर उमटवून ३५ मिमी फिल्मवर उतरवला, त्या पट्ट्या जोडल्या आणि त्याचा पुन्हा फोटो काढला. प्रत्येक पायरीला काळ्या-पांढऱ्यामधल्या छटा गळत गेल्या. मूळ सिग्नल मात्र दोन इंची चुंबकीय टेपवरही नोंदवलेला होता. त्या सुमारे १,५०० टेप नासाच्या नॅन्सी इव्हान्स यांनी नष्ट होऊ दिल्या नाहीत. त्या वाचणारी अँपेक्सची एफआर-९०० यंत्रंही, एकेक फ्रिजएवढं, त्यांनी स्वतःच्या गॅरेजमध्ये ठेवून घेतली. पुढे डेनिस विंगो आणि कीथ काउइंग यांच्या गटानं नासाच्या एम्स केंद्राच्या आवारात, मॅकडॉनल्ड्सच्या बंद पडलेल्या इमारतीत ती चालू केली. टेप वाचणारे हेड नव्यानं करून घेतले, सिग्नलमधून चित्र वेगळं काढणारा डीमॉड्युलेटर जुळवला, आणि नोव्हेंबर २००८ मध्ये हाच फोटो आधी बाहेर काढला.

माझ्या मते या सगळ्यात मोठं श्रेय इव्हान्स यांचं. नुसत्या टेप सांभाळून काही होत नाही. त्या वाचणारं यंत्र, त्याचे सुटे भाग, जोडणीचे कागद, सगळं जपावं लागतं, आणि त्यासाठी कुठल्याच अर्थसंकल्पात सहज पैसे निघत नाहीत. आपल्या चांद्रयान-२ चा डेटा इस्रोच्या 'प्रदान' पोर्टलवर आज मिळतो. तो आणखी चाळीस वर्षांनीही उघडता यावा, याची तजवीज आत्ताच व्हायला हवी.

हा फोटो शेअर करणार असाल तर लूनार ऑर्बिटर १, फ्रेम १०२ असा शोधा आणि २००८ ची प्रत घ्या. १९६६ च्या छापील प्रतीत पृथ्वीवरचे ढग जिथे नुसता पांढरा डाग होऊन बसलेत, तिथे या प्रतीत त्यांचे पट्टे वेगळे दिसतात.