‘कान तयार होतो’ म्हणणाऱ्या मेसेजला उत्तर

इचलकरंजी, भिवंडी, मालेगावकडच्या यंत्रमागवाल्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज बरेच दिवस फिरतोय. मजकूर थोडक्यात असा: मागाच्या आवाजानं कुणी बहिरं होत नाही, महिन्या-दोन महिन्यांत कान तयार होतो. बापजाद्यांनी याच खडखडाटात जन्म काढला, त्यांना काय झालं? ज्याला फारच त्रास होतो त्यानं कानात कापूस घालावा. कानात प्लग (आवाज अडवणारं बूच) घातला की माग बिघडलेला कळत नाही. आणि आवाज कमी करायचा तर माग भंगारात काढून नवी मशिनरी आणावी लागेल, खर्चीवाल्याला (दुसऱ्याचं सूत मजुरीवर विणून देणाऱ्याला) ते परवडायचं नाही. मेसेज मालक पाठवतात तसे कामगारही पाठवतात, आणि त्याचंच जास्त वाईट वाटतं. म्हणून त्यातला एकेक मुद्दा घेतो.

‘कान तयार होतो.’ सगळ्यात घातक वाक्य हेच, कारण ते अनुभवाला पटतं. नवा पोरगा पहिल्या आठवड्यात पाळी संपवून बाहेर पडतो तेव्हा कान भरल्यासारखे होतात, आत किर्रर्र आवाज राहतो, घरचे बोललेलं लांबून आल्यासारखं वाटतं. सकाळपर्यंत बरं होतं. काही महिन्यांनी हा त्रास जाणवेनासा होतो आणि तो म्हणतो, झाली सवय.

आत काय होतं ते पाहा. आतल्या कानात शंखासारख्या नळीत सूक्ष्म केस असलेल्या पेशी असतात, एका कानात साधारण पंधरा-सोळा हजार. आवाज मेंदूपर्यंत पोचवायचं काम त्यांचं. मोठ्या आवाजानं त्या थकतात, विश्रांती मिळाली तर काही अंशी सावरतात. रोज तेच झालं तर मरतात. माणसात त्या परत उगवत नाहीत. आवाज बोचायचा कमी झाला याचा अर्थ बऱ्याचदा एवढाच, की तो टिपणाऱ्या पेशी कमी झाल्या. जिला आपण सवय म्हणतो, ती बहुतेक वेळा बहिरेपणाची पहिली पायरी असते.

ही पायरी लक्षात येत नाही, कारण नुकसान बहुधा ४००० हर्ट्झच्या आसपासच्या उंच पट्टीत सुरू होतं. त्या पट्टीत स, श, फ, थ अशा व्यंजनांचा मोठा भाग असतो. स्वर खालच्या पट्टीत असतात आणि शाबूत राहतात. त्यामुळे माणसाला आवाज येतो पण शब्द लागत नाही. ‘साठ’ म्हटलं तर ‘आठ’ ऐकू येतं. मग तो म्हणतो, मला ऐकू येतं, तुम्हीच तोंडातल्या तोंडात बोलता. टीव्हीचा आवाज वाढत जातो, नातवंडाचं बारीक आवाजातलं बोलणं कळत नाही, लग्नाकार्यात चार जण एकदम बोलायला लागले की तो उठून बाहेर जाऊन बसतो. श्रवणयंत्रानं आवाज मोठा होतो. गेलेल्या पेशींचं काम ते करू शकत नाही.

‘बापजाद्यांना काय झालं?’ झालं, पण आपण त्याला म्हातारपण म्हटलं. इचलकरंजीत पहिला यंत्रमाग विठ्ठलराव दातारांनी १९०४ साली बसवला. तेव्हापासूनच्या पिढ्यांत मोठ्यानं ओरडून बोलावं लागणारे आजोबा कुठल्या गल्लीत नव्हते? म्हातारपणाचा वाटा किती आणि कामाचा किती, हा प्रश्न मात्र रास्त आहे, आणि तो फार पूर्वी सोडवून झालाय. ग्लासगोचे कानाचे डॉक्टर थॉमस बार यांनी १८८६ साली बॉयलर बनवणाऱ्या शंभर कामगारांचे कान तपासले आणि तुलनेला टपालवाले आणि लोखंड ओतणारे घेतले. बॉयलरच्या पोटात बसून रिव्हेट ठोकणाऱ्या त्या शंभरांत एकाचीही श्रवणशक्ती धड नव्हती. टपालवाल्यांची गत तशी नव्हती. त्याच्याही पावणेदोनशे वर्षं आधी इटलीतल्या बर्नार्दिनो रामाझ्झिनी यांनी व्हेनिसच्या तांबटांबद्दल हेच नोंदवलं होतं. पुण्याच्या तांबट आळीत भर कामाच्या वेळी उभं राहिलेल्या माणसाला त्यांचं म्हणणं समजावून सांगायला लागणार नाही.

‘पाच-दहा डेसिबलनं काय फरक पडतो?’ हे मेसेजच्या एका लांबट आवृत्तीत आहे. डेसिबल रुपयांसारखे मोजायचे नसतात. ३ डेसिबल वाढले की आवाजाची ऊर्जा दुप्पट होते, १० वाढले की दहापट. ९० डेसिबलच्या एका मागाशेजारी तसाच दुसरा सुरू केला तर १८० होत नाहीत, ९३ होतात. पण कानावरचा मारा दुप्पट झालेला असतो.

धोटा म्हणजे आडवं सूत इकडून तिकडे नेणारा तुकडा. साध्या धोट्याच्या मागांच्या भरलेल्या शेडमध्ये ९५ ते १०० डेसिबल ही नेहमीची गोष्ट आहे. आपल्याकडच्या कारखाना नियमांचा तक्ता ९० डेसिबलला आठ तास देतो, ९५ ला चार, ९७ ला तीन, १०० ला दोन. अमेरिकेच्या ‘नायॉश’ या संशोधन संस्थेची शिफारस त्याहून कडक आहे: ८५ ला आठ तास आणि पुढे दर ३ डेसिबलला वेळ निम्मी. त्या हिशेबानं ९७ डेसिबलमध्ये कान उघडे ठेवून फक्त अर्धा तास थांबता येतं. आपला कामगार बारा तासांची पाळी करतो. कुठलाही तक्ता घ्या, गणित बसत नाही.

मीटर नसेल तरी अंदाज येतो. हातभर अंतरावरच्या माणसाशी बोलताना आवाज चढवावा लागत असेल तर तिथे ८५ च्या वर आहे असं समजावं. मागाच्या शेडमध्ये तर लोक खुणांनीच बोलतात.

‘कापूस घालावा.’ कापसानं जेमतेम काही डेसिबल अडतात, आणि ‘काळजी घेतली’ असं खोटं समाधान मिळतं. फोमचा प्लग चांगला असतो, पण नीट घातला तरच. दोन बोटांत वळून बारीक करायचा, दुसरा हात डोक्यावरून आणून कानाचा वरचा भाग वर आणि मागे ओढायचा, प्लग आत सरकवून फुगेपर्यंत वीस-तीस सेकंद बोटानं धरून ठेवायचा. कामगाराच्या कानातून प्लग निम्मा बाहेर डोकावत असेल तर तो दिखाव्यापुरताच आहे. पाकिटावर लिहिलेला आकडा प्रयोगशाळेतला असतो. फोमच्या प्लगसाठी त्याचा निम्माच धरा, असं ‘नायॉश’च सांगते.

आणखी एक हिशेब आहे, जो फारसा कुणी सांगत नाही. समजा प्लग खरोखर ३० डेसिबल अडवतो. आठ तासांच्या पाळीत बोलायला, चहाला, घाम पुसायला म्हणून त्याच आवाजात मिळून अर्धा तास काढून ठेवला, तर दिवसभराचं संरक्षण १२ डेसिबलवर येतं. उघड्या कानांच्या त्या अर्ध्या तासातच बहुतेक सगळा मारा बसून जातो. म्हणून कधीतरी घातलेल्या महागड्या प्लगपेक्षा सतत कानात राहणारा साधा प्लग चांगला.

‘माग बिघडलेला कळत नाही.’ या मुद्द्याचा मला आदर आहे, कारण तो कामातून आलाय. चांगला कामगार मागाकडे न बघता, नुसत्या ठेक्यावरून ओळखतो की धोटा मागाच्या टोकाच्या पेटीत नीट बसत नाहीये. पण प्लग सगळेच आवाज एकत्र खाली आणतो. ठेका आणि त्यातला बिघाड दोन्ही सोबतच उतरतात. प्रचंड आवाजात कान दबून जातो, तो थोडा मोकळा झाला की धडधाकट माणसाला फरक उलट जास्त स्पष्ट कळू शकतो. पहिले काही दिवस आवाज वेगळा वाटतो, तेवढा वेळ द्यावा लागतो. ज्यांचं ऐकणं आधीच गेलंय त्यांना मात्र अडचण येते, हे खरं. त्यांना फार जाड प्लग देऊ नयेत, शेड बघून १२-१५ डेसिबल अडवणारे द्यावेत. आणि ज्या कानाच्या भरवशावर माग चालतो तोच कान उघडा ठेवला, तर पंधरा वर्षांनी तो ठेका ऐकणार कोण?

‘आवाज कमी करायचा तर लाखो रुपये.’ हा मुद्दा प्लगच्या आधी घ्यायला हवा होता, कारण आवाज आधी मशीनवर रोखायचा असतो. सगळा भार कामगाराच्या कानावर टाकणं हा शेवटचा उपाय.

मागाशेजारी उभं राहून बघा. मिनिटाला सव्वाशे-दीडशे वेळा पिकिंग स्टिक ही दांडी धोट्याला ढकलणाऱ्या पिकरला ठोसा देते, धोटा उडतो आणि पलीकडच्या पेटीत आदळून थांबतो. सुरुवातीचा फटका आणि शेवटची धडक, मागाचा बराचसा आवाज या दोन ठिकाणी जन्मतो. पिकर झिजला, पेटीतलं धक्का झेलणारं बफर कडक झालं, बुश ढिले पडले, पायाचे बोल्ट सैल झाले की तोच माग जास्त बोंबलतो. हे सगळं जॉबरच्या (माग दुरुस्त करणाऱ्याच्या) हातातलं काम आहे. पिकर-बफर वेळेवर बदलणं, मागाखाली रबरी पॅड, भार कमी असेल तिथे लोखंडी गिअरऐवजी नायलॉनचा, सैल पत्र्यांना बोल्ट: यातल्या कशाला लाख लागत नाहीत. शिवाय झीज कमी होते आणि माग कमी अडतो.

छताला आवाज शोषणारं साहित्य टांगल्यानं शेजारच्या मागांचा घुमणारा आवाज उतरतो. समोरच्या मागाचा थेट आवाज त्यानं फारसा उतरत नाही, हे खर्च करण्याआधी माहीत असावं. कापसाचे बारीक तंतू बसून आगीचा धोका वाढणार नाही असंच साहित्य घ्यावं लागतं. बिनधोट्याचे माग हा मोठा खर्च आहे, तो सगळ्यांना जमणार नाही, आणि ते मागही काही शांत नसतात. पण एवढा मोठा खर्च जमत नाही म्हणून पिकरही बदलायचा नाही, याला परवडत नाही म्हणत नाहीत.

मेसेज कायद्याबद्दल गप्प आहे. आवाजामुळे आलेला बहिरेपणा १९४८च्या कारखाने कायद्याच्या तिसऱ्या अनुसूचीत सरकारला कळवण्याच्या आजारांत होता, २०२०च्या व्यावसायिक सुरक्षा संहितेतही आहे. ईएसआय (कामगार विमा) कायदाही त्याला व्यवसायजन्य आजार मानत होता, त्याची जागा घेणारी सामाजिक सुरक्षा संहिताही मानते. अडचण अशी, की व्यावसायिक सुरक्षा संहितेत विजेवर चालणारा कारखाना वीस कामगारांपासून मोजला जातो, आणि मागांच्या कितीतरी शेड त्याच्या आतच राहतात. तिथल्या कामगाराची बाजू कागदावरच उभी करावी लागते. म्हणून कामाला लागतानाच एकदा ऑडिओमेट्री (ऐकण्याची मोजणी, जिचा आलेख मिळतो) करून घ्यावी, पुढे दरवर्षी. तपासणीआधी किमान चौदा तास आवाजापासून लांब राहावं, म्हणजे साप्ताहिक सुट्टीनंतर, पाळीवर जाण्याआधी. नाहीतर तात्पुरता थकवा कायमच्या नुकसानीत मिसळून जातो. प्रत्येक आलेख जपून ठेवावा. पहिला आलेखच नसेल, तर ऐकणं याच शेडमध्ये गेलं हे नंतर सिद्ध करणं फार अवघड जातं.