फावल्या वेळात ज्ञानपीठ?

बंगाली लेखिका आशापूर्णा देवींविषयी जो मजकूर फिरत असतो, त्याचा सूर ठरलेला: शाळेचं तोंडही न पाहिलेली अशिक्षित गृहिणी, रांधा-वाढा-उष्टी काढा करून उरलेल्या वेळात लिहू लागली आणि साध्या घरगुती गोष्टींवर ज्ञानपीठ पटकावून बसली. कौतुकच आहे, पण अर्ध्याहून अधिक चुकीचं.

शाळेचं खरं. आजी निस्तारिणी देवींना मुलींनी शाळेत जाणं पसंत नव्हतं. भाऊ धडे गिरवायचे तेव्हा आशापूर्णा समोर बसून अक्षरं ओळखायला शिकल्या, त्यामुळे आधी उलटीच अक्षरं वाचता येऊ लागली. पण अशिक्षित? आई सरलासुंदरी अट्टल वाचणारी. घरात मासिकं यायची, ग्रंथालयांतून पुस्तकं यायची आणि मुलींच्या हातीही पडायची. याच मुलींनी, आशापूर्णा आणि तिची धाकटी बहीण संपूर्णा यांनी, थेट रवींद्रनाथांना पत्र टाकलं, की तुमच्या हस्ताक्षरात आम्हाला उत्तर पाठवा. उत्तर आलं. कोलकात्यातल्या त्या घरात शाळा नव्हती, शिक्षण होतं.

‘गृहिणी होती, मग लेखिका झाली’ हा क्रमही उलटा आहे. पहिली कविता 1922 सालची, ‘शिशुसाथी’ मासिकात, वय तेरा. लग्न 1924 मध्ये. मोठ्यांसाठीची पहिली कथा 1936, पहिली कादंबरी 1944. ज्ञानपीठ मिळवून देणारी कादंबरी ‘प्रथम प्रतिश्रुती’ आली 1964 मध्ये, म्हणजे पहिल्या कवितेनंतर तब्बल 42 वर्षांनी. शंभराहून जास्त कादंबऱ्या फावल्या वेळात होत असतील, तर तो वेळ कुठे मिळतो ते आम्हालाही सांगा.

सिनेमामुळे काही जण त्यांना पटकथाकारही करून टाकतात. ‘अग्निपरीक्षा’ (1954) आणि त्यावरून निघालेला हिंदी ‘छोटी सी मुलाकात’ (1967) यांची मूळ कथा त्यांची, पटकथा दुसऱ्यांच्या. असो.

खरा राग येतो तो ‘घरगुती’ या शब्दाचा. ‘प्रथम प्रतिश्रुती’तली सत्यवती स्वतःच अक्षरं शिकते, नवऱ्याच्या आजारपणात घरच्यांचा विरोध मोडून साहेब डॉक्टरला बोलावते. तिच्या पाठीमागे तिच्या लहानग्या मुलीचं, सुवर्णाचं लग्न उरकलं जातं, तेव्हा ती संसार तिथेच टाकून काशीची वाट धरते. पुढच्या ‘सुवर्णलता’त त्याच मुलीला नव्या घराला फक्त एक व्हरांडा हवा असतो, बाहेरचं दिसावं म्हणून. नवरा हो-हो म्हणतो आणि घर बिनव्हरांड्याचं बांधतो. ती चोरून लिहिते. पुस्तक छापून येतं ते चुकांनी बरबटलेलं, घरचे खदाखदा हसतात, आणि सुवर्णलता सगळ्या प्रती गच्चीवर नेऊन जाळते.

तिची धाकटी मुलगी बकुळ मोठेपणी लेखिका होते. ‘प्रथम प्रतिश्रुती’ उघडली की सुरुवातीलाच कळतं: सत्यवतीची ही गोष्ट बकुळच्या वहीतून घेतलेली आहे.