आरोग्य खात्याची बाई गेटवर उभी आहे

आज सकाळी सोसायटीच्या ग्रुपवर सेक्रेटरींचा मेसेज पडला. ‘सिक्युरिटीला सूचना दिली आहे. यापुढे अपॉइंटमेंटशिवाय कोणालाही टेरेसवर सोडले जाणार नाही. आज परत त्या डासवाल्या बायका आल्या होत्या.’ खाली अंगठ्यांची रांग. एकाने वर ‘वेल हँडल्ड सर’ आणि जोडलेले हात.

डासवाल्या बायका म्हणे.

मी दूध आणायला खाली उतरले तेव्हा त्या दोघी गेटबाहेर उन्हात उभ्या होत्या. गळ्यात महापालिकेचं ओळखपत्र, खांद्याला पिशवी, एकीच्या हातात रजिस्टर आणि दुसरीच्या हातात बॅटरी. भर उजेडात बॅटरी कशाला, तर टाकीत वाकून अळ्या दिसतात का ते बघायला. ‘मॅडम, झाकण उघडून बघायचं फक्त. दहा मिनिटं,’ असं त्यातली मोठी बाई मलाच अजिजीने सांगत होती. म्हणजे टाकी आमची, डास आमचे आणि गयावया तिने करायची! मी वॉचमनला म्हटलं, सोड रे त्यांना. तो म्हणाला, ‘ताई, माझी नोकरी घालवाल.’ तोवर त्यांनी रजिस्टरमध्ये काहीतरी खरडलं आणि पुढच्या बिल्डिंगकडे निघाल्या. चिडल्या नाहीत. सवय असणार.

आमच्या गच्चीवर काय काय आहे ते मला माहीत आहे. सोलरच्या पॅनेलखाली कुणीतरी ठेवून दिलेला लहान मुलाचा फुटका टब. कुंड्या, त्यांच्याखालच्या ताटल्या. एका टाकीचं झाकण मोडलंय म्हणून त्यावर फ्लेक्स टाकून वर वीट ठेवलेली आहे, फ्लेक्सवर गेल्या गणपतीतल्या शुभेच्छा. डेंग्यूच्या डासाला गटार लागत नाही हो. त्याला आपल्यासारखंच स्वच्छ पाणी लागतं, आणि तेही वाटीभर पुरतं. आठ-दहा दिवसांत अंड्याचा डास होतो. म्हणून तर आठवड्यातून एक दिवस सगळी भांडी कोरडी करा म्हणून त्या बायका घसा कोरडा करत फिरतात.

आणि तो डास फार लांब उडत नाही. शंभर-दोनशे मीटर. म्हणजे आमच्या गच्चीवर जन्मलेला डास जाणार कुठे? पार्किंगमध्ये ड्युटी करणाऱ्या वॉचमनकडे, मागच्या वस्तीत. तो दिवसा चावतो, आणि दिवसा आम्ही एसी ऑफिसात असतो. आमच्याकडे कुणाला डेंग्यू झालाच तर मेडिक्लेम आहे, प्लेटलेटचे आकडे ग्रुपवर टाकून ‘गेट वेल सून’ मिळवता येतं. गेल्या पावसाळ्यात वॉचमनला झाला तेव्हा तो गावाला गेला आणि आम्ही एजन्सीकडून दुसरा मागवला. वस्तीत मात्र पिंपात पाणी साठवलं म्हणून हेच लोक नाकं मुरडणार. अरे, नळाला रोज पाणी आलं असतं तर कुणाला हौस होती पिंपं भरून ठेवायची?

हे सगळं कुठे चाललंय, तर पुण्यातल्या सिंहगड रोडला. २०२५ चा जानेवारी विसरलात का रे सगळे? जीबीएस, म्हणजे गुलियन-बॅरे सिंड्रोम, नसांचा आजार आला होता. धडधाकट माणसांच्या पायातली ताकद जात होती, काही जण थेट व्हेंटिलेटरवर. नांदेड, किरकटवाडी, नांदोशी, धायरी, डीएसके विश्व, ही सगळी आपल्या रोजच्या येण्याजाण्यातली नावं. रुग्णांच्या नमुन्यांत कॅम्पायलोबॅक्टर नावाचा जिवाणू सापडला, बोट गेलं पाण्याकडे. नांदेडच्या विहिरीचं पाणी शुद्धीकरण केंद्रात न जाता नुसतं क्लोरीन टाकून घरोघर पोचत होतं. २०२१ मध्ये नांदेड, किरकटवाडी, नांदोशी ही गावं शहरात घेतली, शहरासारखं शुद्ध केलेलं पाणी मात्र त्यांना दिलं नाही. त्या वेळी हाच आमचा ग्रुप ‘आरोग्य खातं झोपलंय का’ म्हणून किंचाळत होता. आणि घरोघर जाऊन ‘कुणाला जुलाब झालेत का, पायाला मुंग्या येतात का’ विचारणाऱ्या कोण होत्या? अशाच बायका. तेव्हा त्यांना चहा विचारला होता आम्ही. भीती होती ना.

मला एवढा राग का येतोय, तर माझी वहिनी हेच काम करते. बीड जिल्ह्यात, आमच्या गावात ती आशा आहे, म्हणजे गावातली आरोग्य स्वयंसेविका. बीड म्हटलं की पुढचं सांगायला नको, दसरा झाला की अर्धं गाव ऊसतोडीला. घरात राहतात म्हातारी माणसं आणि शाळेतली पोरं.

दोनेक वर्षांपूर्वीची गोष्ट. वहिनीच्या यादीत एक पोटुशी बाई होती. दुसरं बाळंतपण, हिमोग्लोबिन जेमतेम सात, तारीख जानेवारीतली. मुकादमाकडून, म्हणजे टोळीच्या ठेकेदाराकडून, आगाऊ पैशांची उचल घेतलेली, त्यामुळे जायचं की नाही हा प्रश्नच नव्हता. नवरा-बायको मिळून एक कोयता. बाई मागे राहिली तर अर्धा कोयता कोण घेतो? वहिनीने तिला लोहाच्या गोळ्या दिल्या, माता-बाल कार्ड प्लास्टिकच्या पिशवीत घालून दिलं, कार्डाच्या मागे पेनाने स्वतःचा नंबर लिहिला. आणि ट्रॅक्टर गेला.

वहिनीचं कागदावरचं काम तिथे संपलं होतं. बाई गाव सोडून गेली, रजिस्टरमध्ये ‘स्थलांतरित’ लिहायचं, विषय बंद. कुणी विचारलं नसतं. पण डिसेंबर लागला तशी ती मला फोनवर सारखं तेच सांगायला लागली. ‘ताई, तिचा फोन लागंना. सात होतं हो तिचं रक्त.’ मी म्हटलं, वहिनी, तिकडे पण सरकारी दवाखाने आहेत, जाईल ती. त्यावर ती म्हणाली, ‘कवा जाईल? पहाटं चारला फडात, गाडी भरायला रात्र. आन खाडा केला तर दंड.’

फड म्हणजे तोडणीचं उसाचं शेत, खाडा म्हणजे कामाला दांडी. हा खाडा आणि दंड बाईचं काय करतो ते ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. २०१९ मध्ये आपल्याच राज्यात नीलम गोऱ्हेंच्या अध्यक्षतेखाली समिती बसली होती. बीडमधल्या ८२ हजारांहून जास्त ऊसतोड बायकांची पाहणी झाली. त्यातल्या १३,८६१ जणींची गर्भपिशवी काढलेली निघाली. तेरा हजार आठशे एकसष्ट! यातल्या कितीतरी चाळिशीच्या आतल्या. पाळीत काम होत नाही, फडात संडास नाही, धुवायला पाणी नाही, पांढरं जातं म्हणून डॉक्टरकडे गेलं की ‘कॅन्सर होईल, काढून टाका’. कर्ज काढून पिशवी काढायची आणि ते फेडायला पुन्हा फडात. यावर चार दिवस बातम्या चालल्या, आपण सगळ्यांनी हळहळ शेअर केली, मग चहात घालायला साखर लागतेच. मला त्या आकड्यातल्या निदान काही बायका चेहऱ्याने माहीत आहेत. एक माझ्या वर्गात होती. बस, यावर आज जास्त लिहीत नाही, नाहीतर शिव्या निघतील.

तर वहिनी. तिने मुकादमाला फोन लावला. तो उचलेना. उचलला तेव्हा म्हणाला, ‘बाई हाय बरी, मला कारखान्याचं बघू द्या.’ कुठल्या गावात फड आहे ते सांगेना. टोळी काही एका जागी नसते, एक फड संपला की कोप्या, म्हणजे राहायच्या झोपड्या, मोडून दुसरीकडे. मग हिने काय केलं, तर कारखान्याच्या गट ऑफिसातल्या एका स्लिपबॉयचा, म्हणजे तोडणीच्या स्लिपा देणाऱ्या पोराचा, नंबर गावातल्याच पोराकडून काढला. त्याने टोळी कुठे आहे ते सांगितलं. मग आपल्या गटप्रवर्तक बाईंना, म्हणजे आशांवर देखरेख करणाऱ्या बाईंना, धरलं, त्यांनी कुणाला तरी, त्यांनी आणखी कुणाला तरी, असं करत त्या तालुक्यातल्या त्या गावच्या आशाचा नंबर मिळाला. दोन जिल्हे ओलांडून. सगळं स्वतःच्या रिचार्जवर.

तिकडची आशा आधी म्हणाली, ‘ताई, ती आमच्या गावची न्हाई. माझ्या यादीत नाव न्हाई.’ तिचंही चूक नाही. हजार लोकसंख्येला एक आशा, आणि लोकसंख्या म्हणजे गावात राहणारी. कोप्यांतली माणसं त्या हजारात नाहीत आणि आता आपल्या गावच्या हजारातही नाहीत. वहिनी तिला म्हणाली, ‘माझ्या यादीत हाय ना? आज तुमच्या शिवारात हाय. तुम्ही फक्त डोळ्यांनी बघून या, बाकी मी बघते.’

आणि ती गेली बरं का. दिवसा कोप्यांत कुणी नसतं, म्हणून अंधार पडल्यावर गेली, नवऱ्याला गाडीवर सोबत घेऊन. बाई सापडली. पायाला सूज, उभं राहिलं की चक्कर, आणि त्या दिवशीही मोळ्या बांधून आलेली. गोळ्या कधीच्या संपलेल्या. कार्ड मात्र त्याच पिशवीत, कोपीच्या बांबूला अडकवलेलं. त्या आशाने तिथूनच वहिनीला फोन लावला, मुकादमाला तिच्यासमोर बोलावलं आणि दुसऱ्या दिवशी बाईला मोठ्या सरकारी दवाखान्यात नेलं. रक्त चढवलं. जानेवारीत तिथेच मुलगी झाली. दोघी सुखरूप.

यात बातमी काय आहे? काहीच नाही. एक बाई मेली नाही. या खात्याचं चांगलं काम असंच, दिसतच नाही. लस टोचली आणि गोवर आला नाही, याचा कोण फोटो काढणार? देशातला शेवटचा पोलिओ रुग्ण २०११ च्या जानेवारीतला. आपल्या पोरांना दोन थेंब पाजायला रविवारी दारात कोण आलं होतं, चेहरा आठवतो कुणाला? हृदयरोगाची कॅथलॅब उघडली की मंत्री फीत कापायला येतात. टाकीत अळ्या सापडल्या नाहीत याची फीत कुठे कापणार?

आता ‘चोर पण ओळखपत्र लावून येतात, ज्येष्ठ नागरिक घरी एकटे असतात’ हे येईलच कमेंटमध्ये. मान्य. मग एक फोन करून खात्री करा आणि वॉचमनला सोबत पाठवा ना वर. आणि हो, सरकारी दवाखान्यात उद्धटपणा होतो, कागदावर फवारणी होते, औषधं संपलेली असतात, तेही मान्य. माझ्या आईला एका केंद्रावर तासन्‌तास बसवून परत पाठवलंय, मला कुणी सांगायला नको. पण त्याचा राग तुम्ही काढता कुणावर? उन्हात उभ्या असलेल्या, सगळ्यात कमी पैसे मिळणाऱ्या बाईवर. साहेबांच्या केबिनबाहेर मात्र चप्पल काढून उभे राहता.

आमच्याच क्लबहाऊसमध्ये तीन जानेवारीला सावित्रीबाईंच्या फोटोला हार घालतात, भाषणं होतात. त्या १८९७ च्या प्लेगमध्ये गेल्या, आजारी पोराला स्वतःच्या पाठीवर उचलून दवाखान्यात आणलं आणि त्याच रोगाने गेल्या, हे भाषणात असतंच दरवर्षी. टाळ्याही असतात. असो.

लिहिता लिहिता मघाशी वहिनीला फोन केला. हसायला लागली. म्हणाली, ‘ताई, आमच्याकडं गेट नसतं, कुत्री असत्यात.’ करोनात तिला गावात शिरू देत नव्हते, कारण ती ‘रोग आणते’, आणि बाहेर पडू देत नव्हते, कारण तपासायचं कुणी. आता जागतिक आरोग्य संघटनेने २०२२ मध्ये देशभरातल्या दहा लाखांवर आशांना पुरस्कार दिला, तो तिने टीव्हीवर बघितला. कागदोपत्री ती स्वयंसेविका, त्यामुळे पगार नाही, कामागणिक मोबदला. दवाखान्यात बाळंतपण झालं की सहाशे, नवजात बाळाच्या सगळ्या घरभेटी केल्या की अडीचशे. २०२४ च्या सुरुवातीला आझाद मैदानावर थंडीत बसल्या तेव्हा कुठे राज्याने महिन्याला पाच हजार वाढवले. वहिनी पण गेली होती, पिशवीत भाकरी बांधून.

त्या ऊसतोडीच्या बाईचे सहाशे मिळाले का, ते मी आजच विचारलं. नाही. बाळंतपण दुसऱ्या जिल्ह्यात झालं, कागद तिकडे, त्यामुळे वहिनीला नाही. आणि ती बाई तिकडच्या यादीत नाही, त्यामुळे तिकडच्या आशालाही नाही. ‘असू द्या ताई, पोरगी चालायला लागली,’ म्हणाली. कसलं असू द्या? दोन बायकांनी दोन जिल्ह्यांचं खातं फोनवर चालवलं आणि सिस्टीममध्ये त्यासाठी साधा रकाना नाही.

पण वहिनी रकान्याची वाट बघत बसलेली नाही. दरवर्षी दसऱ्याच्या आधी ती आता वही करते. कोण पोटुशी, कुणाचं बाळ नऊ महिन्यांचं होईल आणि गोवरची लस कधी लागेल, कोण टीबीच्या गोळ्यांवर आहे, मुकादम कोण, कारखाना कुठला, गट ऑफिसचा नंबर. यंदा ती वही मी एक्सेलमध्ये करून देणार आहे. तिच्याकडे सगळ्यात मोठी अडचण आहे ती तिकडच्या नंबरांची. सांगली, कोल्हापूर, सातारा, सोलापूर, नगर या भागांत तुमच्या ओळखीत कुणी आशा, नर्सबाई, आरोग्यसेवक, निदान कारखान्याच्या शेती विभागात कुणी असेल, तर त्यांना विचारून त्यांचा नंबर मला इनबॉक्स करा. गाव आणि तालुका लिहा, नुसता जिल्हा नको. दसऱ्याच्या आत हवेत.