फौजी घरी आल्यावर

फौजेत चार वर्षांसाठी भरती करणारी अग्निपथ योजना २०२२ साली आली, पण तिच्यावरचा वाद अजून शमलेला नाही. चार वर्षांनी जास्तीत जास्त २५ टक्के जवान कायम, बाकीच्यांना साधारण ११ लाख ७१ हजारांचा सेवानिधी देऊन निरोप, पेन्शन नाही. टेक्सासमध्ये बसून मराठी चॅनलवरच्या चर्चा ऐकतो, तर एक बाजू पैशाचा हिशोब मांडते आणि दुसरी देशभक्तीचा. फार झालं तर राखीव जागांचा विषय निघतो. बावीस-चोवीस वर्षांचा पोरगा घरी येऊन दिवसभर करणार काय, याच्यापाशी गाडी पोचतच नाही.

इथे अमेरिकेत पैसा आहे. १९४४च्या ‘जीआय बिल’ या कायद्याने दुसऱ्या महायुद्धातून परतलेल्या लाखो सैनिकांना कॉलेजात बसवलं. आजही माजी सैनिकांसाठी वेगळं खातं, वेगळी हॉस्पिटलं आहेत. आणि त्याच खात्याच्या अलीकडच्या अहवालांनुसार दिवसाला सरासरी सतराच्या वर माजी सैनिक आत्महत्या करतात.

माझ्या टीममध्ये अफगाणिस्तानात राहून आलेला एकजण आहे. ११ नोव्हेंबरला हॉटेलं माजी सैनिकांना फुकट जेवू घालतात. हा जात नाही. त्याला जड जातात त्या आमच्या मीटिंगा. तासभर बोलून, काहीच न ठरवता आम्ही हसत उठतो. हा वही उघडी ठेवून बसलेला: ‘मग कोण काय करणार?’ फौजेत सगळं ठरलेलं, आणि शेजारच्या माणसाच्या भरवशावर जीव. इथे शेजारच्या खुर्चीतला माणूस दर सहा महिन्यांनी बदलतो.

आपल्याकडे हे फारसं दिसलं नाही, याचं श्रेय सरकारला नको. पेन्शनवर आलेला फौजी साताऱ्यातल्या अपशिंग्यासारख्या गावात परतला की हवालदार असो वा नाईक, लोक त्याला ‘मेजर’च म्हणतात. पुण्यातल्या सोसायटीच्या गेटवर रजिस्टर घेऊन बसला की तो नुसता वॉचमन. अर्थात गावातही कुणी रात्री दचकून उठतोच. मग कॅन्टीनची बाटली, आणि ‘फौजी आहे, घेणारच’ म्हणून घरचे गप्प.

अमेरिकेचं उचलायचंच तर फुकट जेवण नको. सेवा संपण्याच्या वर्षभर आधीपासून बाहेरच्या आयुष्याची तयारी इथे सक्तीची आहे. ती बऱ्याचदा उरकली जाते, पण असते. अग्निवीराच्या, म्हणजे अग्निपथमधल्या जवानाच्या, चौथ्या वर्षात ती बसवता येईल. जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात दाखले देणाऱ्या कारकुनाशेजारी एक समुपदेशकही बसवता येईल. मात्र योजनेनुसार अग्निवीराला माजी सैनिकाचा दर्जाच नाही. त्या कार्यालयाची पायरी तो कुठल्या नात्याने चढणार, हे आधी ठरवा.