म्हणे ‘सैराट’ लीक होऊनही चालला!

फॅमिली ग्रुपवर काकांनी फॉरवर्ड टाकलाय: ‘सैराट लीक झाला तरी १०० कोटींच्या घरात गेला. पायरसीने मराठी सिनेमाचं काही बिघडत नाही, उलट फुकट जाहिरात होते. तिकिटाचे पैसे मल्टिप्लेक्सवालेच खातात. आणि गावात थिएटर आहे कुठे?’ खाली अंगठ्यांची रांग. त्यात सिनेमांच्या एडिटिंगवर पोट असलेला माझा चुलतभाऊसुद्धा! त्याला काय म्हणावं?

आधी ‘सैराट’. २०१६ साली तो थिएटरात चालू असतानाच त्याची सेन्सॉर बोर्डाकडे दिलेली कॉपी फुटली, हे खरं. पण तोवर अजय-अतुलची गाणी प्रत्येक वरातीत वाजत होती आणि लोक दुसऱ्यांदा तिकीट काढत होते. असा सिनेमा किती वर्षांतून एकदा येतो? बाकीच्यांचं गणित वेगळं असतं. शुक्रवारी एका मल्टिप्लेक्सला दोन खेळ, त्यातला एक सकाळी अकराचा. सोमवारी खुर्च्या रिकाम्या दिसल्या की पुढच्या शुक्रवारी हिंदी सिनेमा येऊन तेही खेळ घेतो. मराठी प्रेक्षक ‘कसा आहे?’ विचारून मग जातो, आणि नेमका त्या दोन-तीन दिवसांत टेलिग्रामवर लिंक येते.

अमेरिकेतल्या कार्नेगी मेलन विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१४ साली हॉलिवूडच्या सिनेमांचा हिशेब मांडला. प्रदर्शनाआधी फुटलेल्या सिनेमाची कमाई, नंतर फुटलेल्यांच्या तुलनेत, सुमारे १९ टक्क्यांनी घटते. मोठ्ठ्या बजेटवाल्यांची ही गत, तर आपल्याकडे तेवढ्या तोट्यात निर्माता बुडतो.

एक मान्य करतो, नाइलाजाने. २०१२ मध्ये मेगाअपलोड ही फुकट सिनेमे मिळणारी वेबसाइट बंद झाल्यावर छोट्या सिनेमांची कमाई वाढली नाही, उलट थोडी घसरली, असंही एका अभ्यासात दिसलं; फुकट बघणारे इतरांना सांगतात, असं त्याचं स्पष्टीकरण. असेल. पण ज्याला सांगितलं त्याला जायला खेळ तर शिल्लक हवा ना? आणि जाहिरात कुणाची होते, ते चोरटी प्रिंट उघडून बघा: नायिका रडतेय आणि तिच्या कपाळावरून सट्ट्याच्या अ‍ॅपची पट्टी सरकतेय.

मल्टिप्लेक्सवाले वाटा घेतात, अगदी बरोबर. पहिल्या आठवड्यात साधारण निम्मा, पुढे जास्तच. म्हणजे निर्मात्याच्या हाती काही लागायचं ते पहिल्याच आठवड्यात, आणि चोरी होते तीही तेव्हाच.

गावात थिएटर नाही, हेही खरं. पण काका, तुम्ही कोथरूडला राहता!

राहिला कायदा. सिनेमॅटोग्राफ कायद्यातल्या २०२३ च्या दुरुस्तीनुसार थिएटरात चोरून शूटिंग करणाऱ्याला तीन महिने ते तीन वर्षं कैद आणि किमान तीन लाख दंड. निर्मात्याने यासाठी सरकारने नेमलेल्या नोडल अधिकाऱ्याकडे तक्रार केली, तर लिंक ४८ तासांत काढायची असते. शुक्रवारी रात्री आलेली लिंक रविवारी रात्री जाणार. मधल्या शनिवार-रविवारीच तर मराठी सिनेमाचा गल्ला जमतो.