एकच गोल केलेला राखणदार

परवा मैदानावरून परतताना चहाच्या गाड्यावर फुटबॉलचा विषय निघाला आणि आमच्यातलाच एक मित्र बोलून गेला, "2004 ला ग्रीसनं युरो जिंकला तो निव्वळ नशिबानं. नुसते मागं बसले होते सगळे." युरो म्हणजे युरोपातल्या देशांची फुटबॉल स्पर्धा. चहा तसाच राहिला. तिथंच उभ्या उभ्या तासभर त्याच्याशी बोललो. तरी मन भरलं नाही, म्हणून आज सविस्तर लिहितोय. पोस्ट मोठी आहे, पण ज्यांनी आयुष्यात कधी ना कधी स्टॉपरला, म्हणजे आपल्या गोलासमोर बचावाला, उभं राहून चेंडूला डोकं लावलंय त्यांनी तरी शेवटपर्यंत वाचा.

हे सगळं एका माणसाबद्दल आहे. त्रायानोस देलास. ग्रीसचा स्टॉपर, जर्सी नंबर 5, उंची 1 मीटर 97 सेंटिमीटर. देशासाठी 53 सामने खेळला आणि गोल केला फक्त एक.

तो एक गोल मी जागेपणी पाहिलाय. 1 जुलै 2004, पोर्तो शहरातलं द्रागाव स्टेडियम, उपांत्य सामना, समोर झेक प्रजासत्ताक. आपल्याकडं तेव्हा तारीख बदलून गेली होती, सामना सुरू झाला रात्री सव्वाबाराला. कोल्हापुरात धो धो पाऊस होता, केबल मधेच जायची, आणि वडील आतल्या खोलीत झोपलेले म्हणून टीव्हीचा आवाज पूर्ण बंद. त्यामुळं तो सामना माझ्या आठवणीत आजही मुकाच आहे.

झेकचा तो संघ त्या स्पर्धेतला सगळ्यात देखणा संघ होता, हे मी आधीच मान्य करतो. चारही सामने जिंकून आलेले. हॉलंडविरुद्ध 0-2 नं मागं पडून 3-2 नं जिंकलेले. मिलान बारोशच्या नावावर 5 गोल, दोन मीटरपेक्षा उंच यान कोलर, मागून पावेल नेदवेद. पहिल्या काही मिनिटांतच रोसित्स्कीचा फटका क्रॉसबारवर आदळला. पुढं नेदवेद दुखापत होऊन पूर्वार्धातच बाहेर गेला, त्याचा फायदा ग्रीसला झाला, हेही खरं. पण कोलर आणि बारोश होतेच की मैदानात! आणि नव्वद मिनिटं त्यांना गोल मिळाला नाही.

त्या वेळी 'सिल्व्हर गोल'चा नियम होता. जादा वेळेच्या पहिल्या पंधरा मिनिटांच्या शेवटी जो संघ पुढं असेल तो तिथंच जिंकला, पुढचा अर्धा भाग खेळायचाच नाही. ते पहिलं सत्र संपायला काही सेकंद उरले असताना ग्रीसला कॉर्नर मिळाला. बदली म्हणून आलेल्या वासिलिस त्सिआर्तासनं तो घेतला. चेंडू जवळच्या पोस्टकडं आला, आणि गर्दीतून देलास एक पाऊल आधी तिथं पोचला. डोक्यानं मारलेला हेडर. झेकचा गोलकीपर पेत्र चेक काही करू शकला नाही. चेंडू मध्यावर नेऊन नव्यानं झुंजायला झेकला वेळच उरला नव्हता. पंच कोलिना यांनी शिट्टी वाजवली, सामना संपला. पुरुषांच्या मोठ्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत सिल्व्हर गोलवर निकाल लागलेला तो एकमेव सामना. त्या युरोनंतर नियमच मोडीत निघाला.

आता कुणीही म्हणेल, स्टॉपरची आठवण काढायची तर त्याच्या गोलचीच काढतोयस की. हीच तर माझी तक्रार आहे! देलासचं नाव निघालं की लोकांना ते एक हेडर आठवतं. त्याआधीची 105 मिनिटं कुणाला आठवत नाहीत.

माझं आजोळ सिंधुदुर्गातलं. तिथं गावाच्या सीमेवर राखणदार असतो. त्याला कुणी पाहिलेलं नसतं, पण गाव रात्री निर्धास्त झोपतं ते त्याच्या भरवशावर. आजी वर्षाचा नारळ त्याला दिल्याशिवाय राहायची नाही. आमच्या खेळात स्टॉपरला तो नारळही मिळत नाही. मी रविवारी सकाळी पोरांना शिकवतो. त्यात एक चौदा वर्षांचा पोरगा आहे, उंच, शांत, डोकं लावायला न घाबरणारा. त्याला मागं खेळवलं की त्याचे वडील नाराज होतात. म्हणतात, "सर, याला पुढं खेळवा, मागं राहून सामनावीर कोण होतं?" मागच्या महिन्यात त्यानं रेषेवरून दोन चेंडू काढले, आपण 1-0 नं जिंकलो, आणि सगळे जण गोल केलेल्या पोराला खांद्यावर घेऊन नाचत होते. हा कोपऱ्यात बसून बुटाची चिखलात भिजलेली लेस दातानं सोडवत होता. मला त्या क्षणी देलासच आठवला.

देलासचा प्रवास काही चमकदार नव्हता. जन्म 1976 चा, थेस्सालोनिकीचा. सुरुवात तिथल्याच आरिस क्लबकडून. आरिस म्हणजे ग्रीकांचा युद्धाचा देव. मधे सेरेस गावच्या पानसेराइकोसकडं उसना पाठवला. 1997 ला इंग्लंडमध्ये शेफील्ड युनायटेडनं घेतला. तो क्लब तेव्हा दुसऱ्या श्रेणीत खेळत होता, आणि तिथंही याला दोन मोसमांत संघातली जागा पक्की करता आली नाही. तेवीस वर्षांचा, परदेशात जाऊन परत आलेला, नाव नसलेला खेळाडू. असे किती तरी तिथंच संपतात.

1999 ला तो अथेन्सच्या एईकेकडं आला. या क्लबबद्दल थोडं सांगितलंच पाहिजे. एईकेच्या पूर्ण नावात कॉन्स्टँटिनोपल आहे. आशिया मायनर आणि इस्तंबूल सोडून यावं लागलेल्या ग्रीक निर्वासितांनी 1924 ला अथेन्समध्ये हा क्लब काढला. पिवळा-काळा रंग, छातीवर बायझँटाइन साम्राज्याचा दोन डोक्यांचा गरुड. गेलेलं घर जर्सीवर घेऊन फिरणारे लोक. देलास तिथं रमला, 2000 चा ग्रीक कप जिंकला, आणि मग इटलीचं दार उघडलं. आधी पेरुजा, 2002 ला रोमा. प्रशिक्षक फाबिओ कापेल्लो. बचाव म्हणजे काय हे शिकायला त्या काळात इटलीसारखी शाळा नव्हती. धावण्यात तो कधीच चपळ नव्हता, पण चेंडू कुठं पडणार हे त्याला आधी कळायचं, आणि माझ्या मते ते इटलीत पक्कं झालं.

2001 ला ग्रीसनं ओटो रेहागेल या जर्मन प्रशिक्षकाला आणलं. पहिल्याच सामन्यात फिनलंडकडून 5-1 नं मार खाल्ला. त्याआधीचा इतिहास म्हणजे 1980 चा युरो आणि 1994 चा विश्वचषक, दोन्हीत एकही विजय नाही. 1994 ला तर तीन सामन्यांत 10 गोल खाल्ले आणि एकही केला नाही. 2004 च्या पात्रता फेरीतही पहिले दोन सामने हरले. त्यानंतर ओळीनं सहा जिंकले, त्या सहांत एकही गोल न खाता. सहा सामने! त्यातला एक तर स्पेनमध्ये जाऊन, झारागोझाला, 1-0 नं. याला कुणी नशीब म्हणत असेल तर त्यानं एका मोसमात सलग सहा सामने शून्यावर राखून दाखवावेत.

रेहागेल जे खेळवत होता ते बाकीच्या युरोपनं जुनाट म्हणून टाकून दिलेलं होतं. माणसामागं माणूस, आणि सगळ्यांच्या मागं एक मोकळा स्वीपर. काप्सिस आणि सेइतारिदिस हे बचावपटू समोरच्या संघाच्या आघाडीच्या खेळाडूंना चिकटून राहायचे आणि देलास त्यांच्या मागं, कुणालाही न चिकटता. ऐकायला सोपं वाटतं. ज्यानं हे केलंय त्याला विचारा. ज्याला माणूस धरायचा असतो त्याला निदान कुणाकडं बघायचं ते माहीत असतं. मोकळ्या माणसाला सगळ्यांकडं बघावं लागतं. एक जण चुकला की ती चूक याची होते. (काप्सिसचे वडील आन्थिमोस काप्सिस 1971 ला वेम्बलीवर पानाथिनाइकोस या ग्रीक क्लबकडून आयाक्स या डच क्लबविरुद्ध युरोपियन कपची फायनल खेळले आणि हरले होते. बापानं जे हरलं ते पोरानं दुसऱ्या मैदानात मिळवलं.)

2004 च्या युरोत गटातला शेवटचा सामना ग्रीस रशियाविरुद्ध हरला, सत्तराव्या सेकंदाच्या आतच गोल खाल्ला होता, आणि स्पेनइतकेच गुण असूनही जास्त गोल केले म्हणून पुढं गेला. तिथं नशीब होतं, मी नाही म्हणत नाही. पण त्यानंतर? गतविजेता फ्रान्स, झिदान आणि आँरीसकट, 1-0. झेक 1-0. 4 जुलैला लिस्बनमध्ये यजमान पोर्तुगाल, फिगो आणि कोवळा रोनाल्डो, 1-0. बाद फेरीत तीन सामने, खाल्लेले गोल शून्य. केलेले तीनही गोल हेडर, दोन खारिस्तेआसचे आणि एक देलासचा. स्पर्धेच्या सर्वोत्तम संघात देलास, सेइतारिदिस आणि गोलकीपर निकोपोलिदिस यांची निवड झाली.

पण मला देलास सगळ्यात मोठा वाटतो तो त्याच्या पुढच्या वाटचालीमुळं. युरोनंतरचा रोमाचा मोसम विस्कटलेला होता, एका वर्षात चार प्रशिक्षक. 2005 ला तो पुन्हा एईकेत आला. तेव्हा क्लब पैशाच्या अडचणीत होता, आणि तो सावरायला घेतला होता देमिस निकोलाइदिसनं, जो वर्षभरापूर्वी युरो जिंकलेल्या त्याच संघात होता. 2008 ला देलास सायप्रसच्या अनोर्थोसिसकडं गेला. हाही निर्वासितांचाच क्लब. मूळचा फामागुस्ताचा, 1974 पासून गाव हातचं गेलेलं, तेव्हापासून लार्नाकात. त्याच वर्षी अनोर्थोसिस चॅम्पियन्स लीगच्या, म्हणजे युरोपातल्या क्लबांच्या सगळ्यात मोठ्या स्पर्धेच्या, गटात पोचला, सायप्रसमधला पहिलाच क्लब. मोरिन्यो प्रशिक्षक असलेल्या इटलीच्या इंटरबरोबर 3-3 बरोबरी, पानाथिनाइकोसवर 3-1 विजय. मग 2010 ला तो तिसऱ्यांदा एईकेत आला आणि 2012 ला तिथंच खेळणं थांबवलं.

2013 च्या एप्रिलमध्ये एईके बुडत होता. मोसम संपत आलेला, आणि त्या वेळी देलासनं प्रशिक्षकपद हातात घेतलं. घरच्या सामन्यात शेवटच्या मिनिटांत स्वयंगोल झाला, चिडलेले प्रेक्षक मैदानात घुसले, सामना थांबला, गुण कापले गेले. एईके इतिहासात पहिल्यांदा खालच्या श्रेणीत घसरला. कर्ज इतकं की दुसऱ्या श्रेणीतही न खेळता थेट तिसऱ्या श्रेणीतून नव्यानं सुरुवात करायचं ठरलं. युरोपचा विजेता माणूस, रोमाचा माजी खेळाडू. त्याला काय गरज होती? पण तो थांबला. लहान गावांच्या मैदानांवर संघ घेऊन गेला, 2014 ला तिसऱ्या श्रेणीतून वर आणला, 2015 ला दुसऱ्या श्रेणीतून वर आणला, आणि एईके पुन्हा पहिल्या श्रेणीत उभा राहिला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये पद सोडलं. 2023 ला एईके लीग जिंकला, स्वतःच्या नव्या स्टेडियममध्ये. तेव्हा तो प्रशिक्षक नव्हता. मला तो दिवस त्याचाही वाटतो.

म्हणून त्या मित्राला इथूनच जाहीर निमंत्रण देतोय. येत्या रविवारी सराव संपला की माझ्या घरी ये. फ्रान्सविरुद्धचा सामना लावतो, पूर्ण नव्वद मिनिटं. अट एकच आहे. चेंडूकडं बघायचं नाही, नुसतं 5 नंबरकडं बघायचं. त्या पोरालाही बोलावलंय, आणि त्याच्या वडिलांनाही.