पॉल बेर यांची अर्धी कारकीर्द

एकोणिसाव्या शतकातील फ्रेंच संशोधक पॉल बेर यांच्यावरील लेखात त्यांची ओळख शरीरक्रियाशास्त्रज्ञ म्हणून सविस्तर करून दिली आहे. मात्र ते 'पुढे राजकारणात गेले' एवढ्याच वाक्यावर त्यांच्या सार्वजनिक जीवनाची बोळवण झाली, याचे वाईट वाटते. नामवंत फ्रेंच शरीरक्रियाशास्त्रज्ञ क्लोद बेर्नार यांच्या या शिष्याने संशोधन सोडून राजकारण धरले, असे घडलेच नाही. हवेच्या दाबावरील त्यांचे बरेचसे प्रयोग ते संसद सदस्य असतानाच झाले. खोल पाण्यातून झपाट्याने वर येणाऱ्या पाणबुड्याच्या रक्तात नायट्रोजनचे बुडबुडे तयार होतात आणि अतिदाबाखालील ऑक्सिजन विषासारखा ठरतो, हे दाखवणारा त्यांचा ग्रंथ 1878 मध्ये प्रसिद्ध झाला आणि पुढच्याच वर्षी, प्रत्येक जिल्ह्यात शिक्षिकांसाठी अध्यापन विद्यालय असावे, हा कायदा त्यांच्या पुढाकाराने संमत झाला. माझ्या मते हे काम प्रयोगशाळेतल्या कामाइतकेच मोलाचे आहे. फ्रान्सचे पंतप्रधान गांबेत्ता यांच्या अल्पजीवी मंत्रिमंडळात ते शिक्षणमंत्रीही होते.

त्यांची दुसरी बाजूही सांगायला हवी, कारण ती झाकली तर चरित्र खोटे ठरेल. मुलांसाठी लिहिलेल्या त्यांच्या विज्ञानाच्या पाठ्यपुस्तकांत गोऱ्या वंशाला इतरांपेक्षा श्रेष्ठ ठरवले होते, आणि 1886 मध्ये ते फ्रेंच वसाहतवादी सत्तेचे सर्वोच्च प्रतिनिधी म्हणून आजच्या व्हिएतनाममध्ये गेले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये हनोई येथे आजाराने त्यांचे निधन झाले.